उसना आवाज

धुलाईच्या दुकानात आर्मेल चादरीची टोकं जुळवत उभी होती, तेव्हा तिला स्वतःचाच आवाज ऐकू आला. आत्ताचा नव्हे. आत्ताचा आवाज घशाच्या दोन शस्त्रक्रियांनंतर उरलेला, पाचोळ्यासारखा; तो ती दिवसातून दोन-चारदाच वापरायची, पाववाल्याकडे, औषधाच्या दुकानात, जिन्यात भेटणाऱ्या शेजारणीशी. हा आवाज सव्वीस वर्षांचा होता. ओलसर, खोल, वाक्याच्या शेवटी किंचित खाली बसणारा. ‘मग मी बूट काढले,’ तो म्हणत होता, ‘पाणी इतकं गार असतं हे मला कुणी सांगितलंच नव्हतं.’ त्याच्याखाली कसलातरी संथ ठोका वाजत होता. बाकावर बसलेल्या एका मुलीच्या फोनमधून ते सगळं येत होतं आणि मुलगी काचेच्या दाराआड गरगरणाऱ्या आपल्या कपड्यांकडे बघत मान हलवत होती. आर्मेलला आधी वाटलं, आपल्याला कुणी हाक मारतंय. मग डोक्याच्या आधी घशाला कळलं. पुढच्या वाक्यासाठी त्याने आपोआप श्वास घेतला, आणि तो श्वास बरोबर त्याच जागी पडला जिथे सत्तेचाळीस वर्षांपूर्वी पडला होता.

“हे काय लावलंयस गं?” तिने विचारलं.

“त्रास होतोय का? बंद करते.”

“नको, असू दे. कोण बोलतंय?”

“कुठल्यातरी जुन्या सिनेमातली बाई आहे. एकानं तिचं बोलणं उचलून गाण्यात घातलंय.” मुलगी हसली. “म्हणजे, तसला सिनेमा आहे हं. पण भारी आहे म्हणतात. माझा मित्र म्हणतो, शेवटची नऊ मिनिटं बघ आणि न रडता बाहेर येऊन दाखव. रविवारी दुपारी आहे, तिकडे सिनेमाच्या संग्रहालयात. नवी प्रत काढलीय.” तिने आर्मेलचे पांढरे केस, गुंडाळलेला मफलर बघितला. “तुम्हाला नाही आवडणार बहुतेक.”

“बहुतेक नाहीच,” आर्मेल म्हणाली, आणि चादर तशीच अर्धवट दुमडून पिशवीत कोंबून बाहेर पडली. मार्चचं ऊन होतं, पण त्याला ऊब नव्हती. मेनिलमोन्तां वस्तीचा चढ तिला रोजच दमवायचा; आज तो पायांखालून कधी सरला तेही कळलं नाही. दाराशी आल्यावर तिच्या लक्षात आलं की आपण ओठ हलवतोय.

‘भरतीच्या वेळा’. तेव्हा सिनेमाच्या त्या नावाला स्टुडिओतले सगळे हसले होते. त्या वर्षी, पंचाहत्तर साली, अख्खं पॅरिस तसले सिनेमे बघत होतं. मोठ्या रस्त्यांवरच्या चांगल्या थिएटरांबाहेर रांगा लागत. दातांचे डॉक्टर बायकोला घेऊन येत, कॉलेजातली पोरं येत, आर्मेलची रेनची मावशीसुद्धा एकदा गेली होती आणि बाहेर येऊन म्हणाली होती, गालिचे फार छान होते. सगळ्यांनाच वाटत होतं की काहीतरी सुटलंय, मोकळं झालंय, आणि आता ते परत कधी बांधलं जाणार नाही. मग वर्ष संपता संपता कायदा आला. असल्या सिनेमांवर फुलीचा शिक्का, वर जबर कर, वेगळी थिएटरं, बाहेर चित्र लावायला बंदी. दातांचे डॉक्टर घरी बसले. पण त्या शरदात हे कुणाला ठाऊक नव्हतं. आलबां सोर्बिए नावाचा एक दिग्दर्शक, चांगला शिकलेला, चष्मेवाला, सतत सर्दी झालेला, त्याने निर्मात्याला सांगितलं होतं की तुला हवी तेवढी अंगं दाखवतो, पण शेवटची नऊ मिनिटं माझी. हंगाम संपलेलं समुद्रकाठचं एक हॉटेल, त्यातली एक खोल्या आवरणारी बाई, आणि तिच्या आठवणीतले की स्वप्नातले, येणारे-जाणारे पाहुणे. आणि शेवटी, सगळं झाल्यावर, ती कोट घालून खिडकीशी बसते आणि नऊ मिनिटं बोलते. कॅमेरा तिच्या तोंडावरून हलत नाही.

ती बाई म्हणजे लिलियान. सिनेमाच्या सुरुवातीच्या पाट्यांमध्ये तिचं नाव दुसरंच काहीतरी चमकदार होतं, पण ती होती लिलियान, उत्तरेकडच्या रुबेची, सूतगिरणीतल्या बाईची मुलगी, चोवीस वर्षांची. आर्मेलने तिला पहिल्यांदा पाहिलं ते पडद्यावर नव्हे, तर स्टुडिओच्या तळघरात, काचेपलीकडे. सिनेमा मुका चित्रित झाला होता. आवाज मागाहून भरायचा होता. आर्मेल बाहेरच्या बाकावर बसून होती, कारण तिला दुपारी बोलावलं होतं, इतर दोन बाया रंगवायला. सकाळी ती लहान मुलांच्या मालिकेत खारीचा आवाज काढायची आणि दुपारी हे; दोन्हीकडे श्वास लागायचा, एवढंच त्यांच्यात सारखं, असं ती मैत्रिणींना हसत सांगायची. काचेपलीकडे लिलियान उभी होती, समोर पडद्यावर तिचाच चेहरा, खाली हाताने लिहिलेली शब्दांची पट्टी सरकत होती, आणि लिलियान स्वतःचेच शब्द वाचत होती. ‘शमुद्र,’ ती म्हणाली. ‘शकाळी उठले तर शमुद्र निघून गेलेला.’

ध्वनीवाला ल्युसियां हसला नाही, पण त्याने मान खाली घातली. आलबांने नाक पुसलं. “पुन्हा एकदा, लिलियान. समुद्र. स. स.”

“शमुद्र.”

“जाऊ दे. उत्तरेचं विसर. तू कुठलीच नाहीस. तू एक बाई आहेस, बस्.”

तीनदा झालं. तिसऱ्यांदा तिने ‘स’ नीट म्हटला, पण तो म्हणण्याकडेच तिचं इतकं लक्ष होतं की बाकी सगळं मेलं. आलबां बाहेर आला, बाकावरच्या आर्मेलकडे त्याने पाहिलं आणि खारीच्या आवाजाच्या बाईला म्हणाला, “तू ये बरं आत.” आर्मेल आत गेली. लिलियान बाहेर येत होती. दारात दोघी क्षणभर अडकल्या, तू आधी, तू आधी करत. लिलियानच्या अंगाला स्वस्त साबणाचा आणि ओल्या लोकरीचा वास होता. ती रागावली असती तर बरं झालं असतं. पण ती म्हणाली, “बघ हं, मी ‘बूट काढले’च्या आधी श्वाश घेतलेला नाही. नंतर घेतलाय. तिथे तू फशशील.”

आणि ती गेली नाही. स्टूल ओढून ती आर्मेलच्या मागे अंधारात बसली. चार दिवस ती तशीच बसली. पडद्यावरच्या लिलियानने श्वास घेतला की मागची लिलियान आर्मेलच्या पाठीवर, दोन खांद्यांच्या मधोमध, हलकंच बोट टेकवायची. एक बोट, लहान श्वास. सगळा पंजा, मोठा. तिसऱ्या दिवशी आर्मेलला शब्दांची पट्टी बघायची गरजच राहिली नाही. ती त्या पंजाबरोबर बोलत होती. नंतर आयुष्यात दोन पुरुष झाले, एकाशी लग्न झालं, मोडलं. पण कुणाचा हात तिच्या पाठीवर पडला की ती नकळत श्वास घ्यायची, आणि तो चुकीच्या जागी घेतल्यासारखा वाटायचा. याला काय म्हणायचं हे तिने कधी स्वतःला विचारलं नाही. विचारायची वेळ आली तेव्हा लिलियान राहिली नव्हती.

ते शब्दही आलबांचे नव्हते. हे कुणालाच माहीत नाही. आलबांने दोन पानं लिहून दिली होती, मृत्यू आणि आरसे वगैरे. ती लिलियानला पाठ होईनात. कॅमेरा चालू झाल्यावर ती आपलंच काहीतरी बोलत सुटली: आईला गिरणीच्या आवाजाने बहिरेपण आलेलं, त्यामुळे घरात सगळे ओरडून बोलत आणि गुपित म्हणून काही नसे, एकोणिसाव्या वर्षी पहिल्यांदा समुद्र पाहिला तेव्हा तो ओहोटीमुळे कुठल्या कुठे गेलेला, आणि ती वाळूवरून त्याच्या मागे चालत गेली, बूट हातात घेऊन, आणि तिला वाटलं, मी येणार म्हणूनच हा निघून गेला. आलबांने ते टिपून घेतलं, साफसूफ केलं. पाट्यांमध्ये ‘लेखन’ त्याच्याच नावावर गेलं. स्टुडिओतून रेल्वे स्टेशनाकडे जाताना, कागदाच्या पुडीतले बटाटे खात, लिलियान म्हणाली होती, “तोंड माझं, गोष्ट माझी, आवाज तुझा, आणि शही त्याची. तिघांचं मिळून एक पोर झालं बघ.” आणि इतकी हसली होती की एक बटाटा पुडीतून उडून गटारात पडला.

रविवारी आर्मेलने निळा कोट घातला, काढला, करडा घातला. संग्रहालयाचं थिएटर लहान होतं आणि भरलेलं होतं. सगळी तरुण मंडळी, मांडीवर पाठपिशव्या. एक-दोन म्हातारे, ते मात्र खुर्चीत खाली सरकून बसलेले, जुन्या सवयीने. बास्तियां नावाचा संग्रहालयाचा तरुण पुढे येऊन बोलला. विद्वान बोलतात तसा, हातात हात गुंतवून. हा सिनेमा कायद्याच्या चरकात सापडला, सहा आठवडे चालला, मग विसरला गेला, मग व्हिडिओच्या काळात हातोहात फिरत राहिला, वगैरे. आर्मेलचं लक्ष नव्हतं. तिला भीती वाटत होती की हे लोक हसतील.

कुणी हसलं नाही. त्या प्रसंगांमध्ये तिने स्वतः खाली पाहिलं, लाजेने नव्हे. अंधारात आपलाच तरुण श्वास भिंतींमधून येताना ऐकणं तिला सोसेना. आणि मग शेवट आला. लिलियानने कोटाची बटणं लावली, खिडकीशी बसली. नव्या प्रतीत तिच्या गालावरची बारीक लव दिसत होती, डाव्या भुवईतला व्रण दिसत होता. आर्मेल ते विसरली होती. पडद्यावरचे ओठ हलले आणि आर्मेलचा आवाज आला, आणि दोन्ही इतके एकजीव झाले होते की कुठे काय जोडलंय ते जोडणारीलाही सापडेना. नऊ मिनिटं तिची पाठ ताठ होती. पाठीवर कुणी नव्हतं.

दिवे लागल्यावर बास्तियां परत पुढे आला. “एक शोध सांगायचा राहिला,” तो म्हणाला, आणि त्याच्या आवाजात बातमी देणाऱ्याचा आनंद होता. “स्टुडिओची जुनी रोजनिशी आमच्या हाती लागलीय. तिच्यात या प्रसंगापुढे नटीचं नाव खोडून फक्त दोन अक्षरं लिहिलीयत. आ. क. म्हणजे आपण आत्ता ऐकला तो आवाज कदाचित त्या नटीचा नाहीच. ही आ. क. कोण, हयात आहे का—”

“काहीतरीच काय बोलताय?”

तिसऱ्या रांगेत एक बाई उभी राहिली होती. पंचेचाळिशीची, आखूड केस, पावसाळी जाकीट, हातात प्रवासाची पिशवी. “तो माझ्या आईचा आवाज आहे. मी लिलियानची मुलगी. गाडी पकडून आलेय मी हे बघायला. तुम्हाला काय माहीत तिचा आवाज?”

सगळं थिएटर वळून बघू लागलं. बास्तियां लाल झाला. “मादाम, मला कल्पना नव्हती... माफ करा... आपण बाहेर बोलू या.” लोक उठले, खुर्च्या आपटल्या. आर्मेल उठली नाही. त्या बाईने ‘आवाज’ म्हणताना वाक्य कसं वर नेलं होतं, ते तिला कुठूनतरी ओळखीचं वाटत होतं, आणि नेमकं कुठून ते हाताला लागत नव्हतं.

बाहेरच्या दालनात ती बाई एकटीच पोस्टरखाली उभी होती, रागाने जाकिटाची चेन वरखाली करत. आर्मेल तिच्याजवळ गेली. जाण्याआधी तिने काही ठरवलं नव्हतं. “मी तुमच्या आईला ओळखायचे,” ती म्हणाली.

बाईने तिच्याकडे पाहिलं. चेन थांबली. “खरंच? कुठून?”

“या सिनेमातच. मीही होते कामाला.”

“मला पावणेसातची गाडी आहे लीलची,” बाई म्हणाली. मग एकदम, लहान मुलीसारखं, “पण बसू या ना कुठंतरी. चला ना, मादाम.”

तिचं नाव कारीन. रस्त्यापलीकडच्या कॅफेत तिने कॉफी मागवली आणि ती थंड होईपर्यंत बोलत राहिली, जणू इतकी वर्षं ऐकणारं कुणी भेटलंच नव्हतं. आई गेली तेव्हा ती तीन वर्षांची. एक्याऐंशी साल, नोव्हेंबर. सकाळच्या धुक्यात सायकलवरून कामावर निघालेली लिलियान ट्रकवाल्याला दिसली नाही. आजीने सगळं जाळलं. फोटोसुद्धा, दोनच उरले, तेही बापाने पाकिटात ठेवलेले. कारीन चौदा वर्षांची असताना शाळेच्या अंगणात एका पोराने सांगितलं, तुझी आई कसल्या सिनेमात होती माहितीये का. “मी त्याचं नाक फोडलं. आणि घरी येऊन बाबांना विचारलं. बाबा नुसते भांडी घासत राहिले. तेव्हा कळलं की खरं आहे.” एकोणिसाव्या वर्षी तिने लीलमधल्या एका दुकानातून कॅसेट आणली. पडदे लावले, बटण दाबून सगळं पुढे पळवलं. “मला ते नव्हतं बघायचं. मग शेवट आला. आणि ती बोलायला लागली.” कारीनने कपाच्या कडेवरून बोट फिरवलं. “चेहरा होता हो माझ्याकडे, फोटोत. पण आवाज... तीन वर्षांच्या पोरीला काय आठवणार? मी फक्त आवाज दुसऱ्या कॅसेटवर उतरवून घेतला. नऊ मिनिटं. माझ्या दोन्ही मुली त्यावर मोठ्या झाल्या. धाकटी परीक्षेच्या आदल्या दिवशी अजून ऐकते. आजीला लाव म्हणते.”

आर्मेलने खिडकीबाहेर पाहिलं. बस थांब्यावर एक माणूस छत्री उघडून मिटून बघत होता. गप्प बसता आलं असतं. कपडे सांभाळायचे मी, असं म्हणता आलं असतं. कुणाला कळणार होतं? तिच्या या पाचोळ्याच्या आवाजात तो आवाज कुणाला सापडला असता? पण गप्प बसण्याची तिला भीती वाटत होती, कारण एकदा ती गप्प बसली होती. नुसती गप्प नव्हे. सत्याहत्तरचा जानेवारी. रेडिओवर एका गंभीर नाटकात तिला पहिल्यांदाच मोठं काम मिळालं होतं. तिथे कुणाला खार माहीत नव्हती, तळघर माहीत नव्हतं. लिलियानची दोन पत्रं घरी पडून होती. आर्मेल, मला कुठे काही बघ ना, कसलंही, कायदा आल्यापासून चांगलं काहीच येत नाही आणि चांगलं नसलेलं मला आता नको. उत्तर उद्या लिहू म्हणत राहिलं होतं. आणि मग रेडिओच्या इमारतीतल्या त्या लांबलचक गोल बोळात समोरून लिलियान आली, लाल टोपी, हातात कागद, आणि तिने लांबूनच हाक मारली, “आर्मेल! अगं आर्मेल!” बोळात तिचा आवाज घुमला. आर्मेलबरोबर चालणाऱ्या ज्येष्ठ नटाने विचारलं, “तुझ्या ओळखीची?” आणि आर्मेल म्हणाली, “नाही हो. चुकतंय त्यांचं काहीतरी.” लिलियान तेवढ्यात जवळ आली होती. तिने ऐकलं. तिने आर्मेलकडे पाहिलं, अगदी थोडा वेळ, एका लहान श्वासाइतका, आणि म्हणाली, “माफ करा, मादाम. मला दुशरंच कुणी वाटलं.” आणि त्यांना वाट देण्यासाठी भिंतीला पाठ लावून उभी राहिली. त्या वसंतात ती रुबेला परत गेली. आर्मेलला हे दहा वर्षांनी ल्युसियांकडून कळलं, आणि त्याच वाक्यात धुकं, ट्रक, सायकल. ती त्या वेळी सूप पीत होती. तिने ते संपवलं.

“कारीन,” ती म्हणाली, “त्या तरुणाचं खरं आहे. आ. क. म्हणजे मी. आर्मेल कर्वेल. तो आवाज माझा आहे.”

कारीन हसली, आधी. मग तिने आर्मेलच्या तोंडाकडे, गळ्याकडे, मफलरकडे पाहिलं. “नाही,” ती म्हणाली.

आर्मेलने सगळं सांगितलं. दोनदा चुकलेला ‘शमुद्र’, स्टूल, पाठीवरचं बोट. शब्द लिलियानचे स्वतःचे होते हे सांगितलं. बोळातलंही सांगितलं, ते सांगायची गरज नव्हती, पण एकदा सुरू झाल्यावर थांबता येईना. सांगताना तिला स्वतःच्या आत काहीतरी सैल होत चाललेलं जाणवत होतं आणि त्या सैल होण्याची शरमही वाटत होती. कारीन ऐकत होती, तोंड पांढरं पडलेलं. सांगून संपल्यावर तिने पिशवी मांडीवर ओढून घेतली.

“झालं तुमचं?” ती म्हणाली. “बरं वाटलं? सत्तेचाळीस वर्षांचं ओझं उतरवलंत. आता मी काय घेऊन बसू गाडीत? घरी जाऊन धाकटीला काय सांगू? की ही आजी नाही, ही कुणी दुसरीच बाई आहे, जिनं आजीला ओळख दाखवली नाही?”

वेटर आला, काही हवंय का विचारून परत गेला. कारीन उठली नाही. पिशवीच्या पट्ट्याशी चाळा करत ती हळू म्हणाली, “मग कशी बोलायची ती? खरी. तुम्ही आवाज काढता ना लोकांचे? काढून दाखवा.”

यासाठी तर आपण आलो, असं आर्मेलला वाटलं. हे तरी देता येईल. खारी, राण्या, परदेशी नट्या, म्हाताऱ्या चेटकिणी. ज्याचा आवाज एकदा कानात गेला तो तिच्या घशातून परत निघायचा, यावरच ती चाळीस वर्षं जगली. तिने डोळे मिटले. लिलियान लगेच समोर आली: बटाट्यांची पुडी, लोकरीचा वास, भुवईतला व्रण. लिलियान बोलूही लागली. तोंड माझं, गोष्ट माझी. पण आर्मेलच्या आवाजात. ‘श’ होता, ‘शही’ होतं, ‘शमुद्र’ होता, पण ते नुसते अक्षरांचे बदल. त्याखालचा आवाज आर्मेलचा होता, सव्वीस वर्षांचा, ओलसर, वाक्याच्या शेवटी खाली बसणारा. तिने बोळात शोधलं. माफ करा, मादाम. तिथेही तोच. ती आणखी मागे गेली, दारात, तू आधी तू आधी, तिथेही. इतक्या वर्षांत कधी, कुठल्या दिवशी, तिने लिलियानला आठवता आठवता तिच्यावर स्वतःचा आवाज चढवला होता आणि तिला पत्ताही लागला नव्हता. पडद्यावर चार दिवस केलं होतं ते डोक्यात आयुष्यभर चालू राहिलं होतं. तिने तोंड उघडलं. “श—” एवढाच आवाज निघाला, कुणाला गप्प राहा सांगावं तसा. तिने तोंड मिटलं.

“येत नाही मला,” ती म्हणाली. “होता माझ्याकडे. आता नाहीये.”

कारीनच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ते सांडलं नाही. मग तिने एक विचित्र गोष्ट केली: टेबलावरून हात पुढे करून आर्मेलचा मफलर, जो एका बाजूने घसरला होता, तो नीट केला. रागाने केला की मायेने, हे आर्मेलला सांगता आलं नसतं.

“शब्द तिचे होते, हे खरं ना?” कारीनने विचारलं. “का मला बरं वाटावं म्हणून?”

“अक्षर अन् अक्षर तिचं होतं. बहिरी आई, गिरणी, सगळं.”

“आजी बहिरी होती खरी. मला वाटायचं सिनेमावाल्यांनी कुठून शोधून काढलं.” ती उठली. जाकिटाची चेन वरपर्यंत ओढली. “मी मुलींना सांगणार नाही. मला माहितीये आता, तेवढं पुरे. आणि तुम्हीही सांगू नका. त्या पोराला नाही, कुणालाच नाही. तुमचं नाव झालं असतं, लोकांनी मुलाखती घेतल्या असत्या वगैरे, पण...” तिने वाक्य सोडून दिलं. “ऐकाल माझं एवढं?”

“ऐकेन.”

“मी परत नाही भेटणार तुम्हाला. राग म्हणून नव्हे. तुम्ही बोलायला लागलात की मला शोधावंसं वाटतं, आत कुठे ती आहे का ते.” ती दारापर्यंत गेली आणि थांबली. “लाल टोपी अजून आहे आमच्याकडे. आजीला सापडली नव्हती ती.” एवढं सांगून ती गेली. रस्ता ओलांडताना तिने दोन्हीकडे नीट पाहिलं, पुन्हा एकदा पाहिलं, आणि मगच पाऊल टाकलं.

आर्मेल पैसे टेबलावर ठेवून बाहेर आली तर समोरून बास्तियां धावतच येत होता, कोट न घालता, हातात वही. त्याने दोघींना काचेतून बसलेलं पाहिलं असावं. “मादाम! एक मिनिट, मादाम. माफ करा, तुम्ही त्या काळच्या आहात ना? सिनेमात काम करत होतात? बाहेर कुणीतरी म्हणालं.” थंडीने त्याचे दात वाजत होते. त्याच्या चेहऱ्यावर चांगुलपणा होता, आणि हावही. “तो आवाज. तुम्हाला ठाऊक असेल. आ. क. कोण?”

आर्मेलला वाटलं, हा आपला आवाज ओळखेल. तिने मुद्दामच घसा साफ केला नाही.

“ते एका दिवसापुरतं होतं,” ती म्हणाली. “लिलियानला ताप आला होता, म्हणून दुसरी एक मुलगी करून बघितली. जमलं नाही तिला. नंतर लिलियानने स्वतःच केलं. मी तिथे होते.”

“नक्की?” त्याचे खांदे पडले. “म्हणजे आवाज तिचाच?”

“तिचाच. आणि लिहिलेलंही तिचंच आहे. ते शेवटचं सगळं. दिग्दर्शकाने फक्त टिपून घेतलं. हेही लिहून घ्या.”

तो एकदम उजळला. ही बातमी त्याला पहिल्यापेक्षा मोठी वाटली असावी. त्याने वही गुडघ्यावर टेकवली. “तिचं खरं नाव आमच्याकडे कुठेच नीट नाहीये, मादाम. मुलीला विचारायचं राहिलं. आडनाव सांगता का?”

“वातेल.”

“व्ही ने?”

“नाही. डब्ल्यू ने. उत्तरेकडचं आहे.” तो लिहू लागला, आणि आर्मेल जवळ सरकून, त्याचं पेन चुकू नये म्हणून, एकेक अक्षर सावकाश सांगू लागली.